कोल्या बुर्ल्यायेव हरवला नव्हता : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

प्रतिक्रियेखाली तुम्ही नाव न देता 'एक जुना वाचक' एवढंच लिहिलंय, तेव्हा नुसत्या नमस्कारावर भागवतो. तिथेच चार ओळींत उत्तर देऊन मोकळा होणार होतो, पण लिहायला बसलो आणि लांबलं. म्हणून ही वेगळी पोस्ट.

मूळ लेख ज्यांनी वाचला नाही त्यांच्यासाठी: रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीच्या 'इव्हानचं बालपण' (१९६२) या सिनेमातला इव्हान, म्हणजे दुसऱ्या महायुद्धात रशियन फौजेसाठी हेरगिरी करणारा अनाथ पोरगा. तो करणारा निकोलाय ऊर्फ कोल्या बुर्ल्यायेव, याच्यावर मी गेल्या महिन्यात लिहिलं होतं. त्यावर या वाचकांचे तीन आक्षेप आहेत. पहिला, "चौदा वर्षांच्या पोराचा कसला आलाय अभिनय? तारकोव्हस्कीने दोऱ्या ओढल्या, बाहुली हलली." दुसरा, 'पुढे हा मुलगा पडद्यावरून हरवला' हे माझं वाक्य धडधडीत खोटं आहे. तिसरा, आज तो कोण आहे याबद्दल मी सोयीस्कर मूग गिळले. आणि जाता जाता "आधी नीट पाहा, मग लिहा" असा आहेर.

दुसरा आक्षेप शंभर टक्के मान्य. ते वाक्य चुकीचं होतं. कान धरतो. खरं सांगायचं तर बालकलाकारांवरच्या लेखांचा एक साचा बोटांत बसलेला असतो. लहानपणी झळकला, मोठेपणी विझला, वाचकाने हळहळायचं. त्याच ओघात मी ते लिहून गेलो आणि तपासायचं राहिलं. बुर्ल्यायेव विझला वगैरे काही नाही. त्याने मॉस्कोच्या श्चुकिन नाट्यविद्यालयात अभिनयाचं रीतसर शिक्षण घेतलं आणि पुढे व्हीजीआयके या चित्रपट संस्थेत दिग्दर्शनाचं. १९७२ साली दोस्तोयेव्हस्कीच्या 'जुगारी'वरच्या सिनेमात तो नायक होता. १९८३ साली प्योत्र तोदोरोव्हस्कीने युद्धातल्या एकतर्फी प्रेमाची गोष्ट सांगणारा एक सिनेमा केला. त्यात युद्धाच्या काळात दुरून जिच्यावर जीव टाकला ती तरुणी बुर्ल्यायेवला शांततेच्या दिवसांत मॉस्कोच्या थंडीत रस्त्यावर गरमागरम पिरोश्की (सारण भरलेले रशियन पाव) विकताना भेटते, आणि हा स्वतः तोवर थिएटरात रिळं फिरवणारा ऑपरेटर झालेला असतो. त्या सिनेमाला ऑस्करचं नामांकन मिळालं. त्यात त्याच्या बायकोचं काम करणाऱ्या इन्ना चुरिकोवाला बर्लिनमध्ये अभिनयाचं पारितोषिक मिळालं. इव्हान करणाऱ्या मुलाला सदतिशीत असं काम मिळत असेल, तर त्याला हरवला म्हणणारा मीच हरवलेला.

तिसऱ्या आक्षेपाबद्दल. होय, तो आज रशियाच्या ड्यूमाचा, म्हणजे संसदेच्या कनिष्ठ सभागृहाचा, सदस्य आहे, २०२१ साली निवडून आला. २०१४ साली युक्रेन आणि क्रिमियाच्या प्रश्नावर पुतिन यांच्या धोरणाला पाठिंबा देणारं पत्र रशियन कलावंतांनी काढलं, त्यावर त्याची सही आहे. १९९२ सालापासून तो 'झोलोतोय वित्याझ', म्हणजे 'सुवर्णयोद्धा', नावाचा चित्रपट महोत्सव चालवतो. धर्म, परंपरा, स्लाव जगाची एकी असा त्याचा सूर असतो. मला ही मतं पटत नाहीत, आणि युद्धाने मुलाचं काय होतं हे ज्या चेहऱ्याने जगाला दाखवलं त्याची सही त्या पत्रावर पाहून मला बरंच कडू लागलं. लेखात हे यायला हवं होतं. गाळलं ते सोयीसाठी नाही, लेख १९६६ पर्यंतच ठेवायचा होता म्हणून. पण मग 'पुढे हरवला' असं तरी कशाला लिहायचं, हा तुमचा टोला बरोबर बसला आहे.

मात्र तुम्ही जे पुढे सुचवता, की माणूस असा निघाला म्हणजे ते पोरही फक्त वापरलं गेलेलं पोर होतं, ते मला मान्य नाही. आजच्या खासदाराचं माप १९६१ सालच्या मुलाच्या पदरात कसं घालणार?

आता पहिला आक्षेप. माझं खरं भांडण तिथे आहे.

कोल्याचा जन्म ऑगस्ट १९४६ चा. लहानपणी तो बोलताना अडखळायचा. अशा मुलाला आंद्रेई कोंचालोव्हस्की या तेव्हाच्या विद्यार्थी दिग्दर्शकाने मॉस्कोच्या रस्त्यावर हेरलं आणि 'मुलगा आणि कबूतर' या छोट्या सिनेमात घेतलं. 'इव्हान' तारकोव्हस्कीकडे आला तो अर्धवट अवस्थेत. आधी दुसऱ्याच दिग्दर्शकाने सुरू केलेलं काम मोसफिल्म या सरकारी स्टुडिओला पसंत पडलं नव्हतं, चित्रीकरण थांबवलेलं होतं, आणि उरलेल्या पैशात सगळं नव्याने उभं करायचं होतं. तारकोव्हस्कीचाही हा पहिलाच मोठा सिनेमा. म्हणजे दोऱ्या ओढणाऱ्याकडे दोऱ्या ओढण्याइतकी उसंतही नव्हती. (कोंचालोव्हस्की त्या सिनेमात चष्मेवाल्या सैनिकाच्या भूमिकेत दोन मिनिटं दिसतो. पुढच्या वेळी शोधा.)

तुमच्या आहेराचा मान राखून मी परवा रात्री सिनेमा पुन्हा लावला. सुरुवातीचाच प्रसंग घ्या. नदी पोहून आलेल्या, चिखलाने माखलेल्या पोराला पहारेकरी लेफ्टनंट गाल्त्सेवच्या खंदकात आणून उभं करतो. गाल्त्सेव विचारतो, कोण तू, कुठून आलास. मुलगा उत्तर देत नाही. उलट त्यालाच फर्मावतो की मुख्यालयात एक्कावन्न नंबरला कळव, मी आलोय. थंडीने कुडकुडतोय, उभं राहवत नाहीये, आणि आवाज मात्र वरच्या हुद्द्याच्या अधिकाऱ्याचा. मग खिशातून बिया आणि पाइनच्या झाडाचे काटे काढून टेबलावर मांडतो आणि मोजून लिहायला लागतो, कारण शत्रूच्या फौजेचा हिशेब त्याने त्यांतच ठेवलाय. तो मोजत असताना गाल्त्सेवच्या चेहऱ्यावर जे होतं तेच पाहणाऱ्याचं होतं, कारण त्या खोलीतला मोठा माणूस तो मुलगा असतो. हे दिग्दर्शकाने सांगितलंही असेल. पण सांगून आवाजात हुकूम येतो होय? आपल्याकडच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात शिवाजी झालेली पोरं आठवा.

आणि मग तो तळघरातला प्रसंग. मोठी माणसं बाहेर गेली आहेत, इव्हान एकटा आहे. हातात सुरी आणि टॉर्च. भिंतीवर तिथे मारल्या गेलेल्या तरुणांनी खरडलेला सूड घ्या असा मजकूर. पोरगा लढाई-लढाई खेळायला लागतो. जमिनीवर सरपटतो, एक जुनी घंटा दोराने वर चढवतो, वाजवतो, आणि खुंटीवर टांगलेल्या ओव्हरकोटाला शत्रू समजून त्याच्यावर खटला भरतो. खेळता खेळता खेळ संपतो. कोटाशी बोलताना आवाज चिरकतो, तो ढसाढसा रडायला लागतो, आणि आता तो कोणासाठीही खेळत नसतो.

इथे काय चाललंय ते पाहा. कोल्या बुर्ल्यायेव इव्हानचं सोंग करतोय, इव्हान सैनिकाचं सोंग करतोय, आणि मधेच इव्हानचं सोंग गळून पडतं पण कोल्याचं पडत नाही. तीन थर आहेत, आणि कुठला कधी सोलायचा ते त्या मुलाला कळलेलं आहे. कळसूत्री बाहुलीला सोंग घेता येईल हो, पण सोंग अर्ध्यात टाकता येत नाही.

यावर तुम्ही म्हणाल, हे तुमचं पाहणं झालं. मग दुसरा रशियन मुलगा घ्या. एलेम क्लिमोव्हचा बेलारूसमधल्या जाळलेल्या गावांवरचा 'ये आणि पाहा' (१९८५). त्यातला फ्ल्योरा करणारा अलेक्सेई क्रावचेंको चौदा-पंधरा वर्षांचा, अभिनयाचा अनुभव शून्य. चित्रीकरण कथेच्याच क्रमाने महिनोन् महिने चाललं आणि त्यात खऱ्या गोळ्या वापरल्या. पोराच्या मनावर या सगळ्याचा कायमचा ओरखडा उठू नये म्हणून क्लिमोव्हने संमोहनाचा आधार घ्यायचं ठरवलं होतं. बेत फसला, कारण मुलावर संमोहन चालेना. म्हणजे तुमची दोरी ओढून पाहिली गेली होती आणि ती तुटली. सिनेमाच्या शेवटी त्या चेहऱ्यावर दिसतं ते सगळं पोराने स्वतः, शुद्धीत केलेलं आहे. (केस भीतीने खरोखर पांढरे झाले ही इंटरनेटवरची दंतकथा. तो रंगभूषेचा भाग होता, फक्त तो लवकर निघेना.) तो मुलगाही मग सिनेमा सोडून व्यवसाय शिक्षणाच्या शाळेत गेला, नौदलात सक्तीची नोकरी केली, आणि त्यानंतर नटाचं शिक्षण घ्यायला कुठे गेला? त्याच श्चुकिन विद्यालयात. पुढे 'नाइन्थ कंपनी'मध्ये तो कॅप्टन झालेला दिसतो. ही मुलं एकदा वापरून फेकलेली असती तर परत त्याच दारात कशाला गेली असती?

बुर्ल्यायेवकडे परत येतो, कारण माझ्या बाजूचा सगळ्यात पक्का साक्षीदार 'आंद्रेई रुब्ल्योव'मध्ये आहे, म्हणजे मध्ययुगीन रशियातल्या त्या नावाच्या चित्रकारावरच्या तारकोव्हस्कीच्याच सिनेमात. तारकोव्हस्कीने त्याच्यासाठी काढून ठेवलेली भूमिका फोमाची होती, म्हणजे चित्रकाराच्या एका शागिर्दाची. या पठ्ठ्याने पटकथा वाचली आणि अडून बसला की मला बोरिस्का पाहिजे. दिग्दर्शकाच्या मनात नव्हतं. याने आसपासच्या लोकांना मधे घातलं, गळ घातली, आणि शेवटी भूमिका पदरात पाडून घेतली. बाहुली मालकाशी भूमिकेवरून हुज्जत घालते, असं कुठे पाहिलंत?

आणि भूमिका कुठली मागितली? साथीत घर गेलेला घंटाकाराचा पोर, जो राजाच्या माणसांना छातीठोकपणे सांगतो की घंटा ओतायचं गुपित बापाने मरताना मला सांगितलंय. मग शेकडो माणसांना कामाला लावतो, माती पसंत पडेना म्हणून म्हाताऱ्या कारागिरांना ताटकळत ठेवतो, पावसात उतारावरून घसरतो तेव्हा हवी ती माती सापडते. घंटा वाजते. त्यानंतर चिखलात पडून तो रडतो ते यासाठी की बापाने काहीच सांगितलं नव्हतं. सगळं त्याने आपल्या आपण, अंदाजाने केलं.

तुमचा आक्षेप नेमका हाच होता ना, की पोराला कोणीतरी सांगितलं असणार?

मूळ लेखातला 'हरवला' असलेला परिच्छेद खोडून तिथे दुरुस्ती टाकली आहे, ड्यूमाचा उल्लेखही केला आहे. बाकीचा लेख तसाच राहील. आणि तोदोरोव्हस्कीच्या त्या सिनेमाची सबटायटल्स धड असलेली प्रत तुमच्याकडे असेल तर जरूर कळवा. माझ्याकडच्या प्रतीत पिरोश्कीला सगळीकडे सँडविच म्हटलंय.