ही बाई मघाशी नर्स नव्हती का?

न्यू जर्सीत मुलाकडे जानेवारीत जाऊ नये. बाहेर गुडघाभर बर्फ आणि आत सूनबाईंची मीटिंग. त्यामुळे कुकरची शिट्टी नाही, फोडणी नाही, मला शिंकसुद्धा उशीत तोंड खुपसून द्यावी लागते. राहता राहिला टीव्ही. एका चॅनलवर दिवसभर अमेरिकेतल्या जुन्या मालिका नि सिनेमे लागतात, ते आम्ही आवाज दोनवर ठेवून बघत बसायचो.

तिसऱ्या दिवशी ही म्हणाली, "अहो, ही बाई मघाशी नर्स नव्हती का?"

पडद्यावर आडव्या अंगाची, हनुवटी पुढे काढलेली एक बाई कुणाला तरी झापत होती. मी म्हटलं, "असेल." तिथेच चुकलं. लग्नाला सदतीस वर्षं झालेल्या माणसानं 'असेल' म्हणू नये.

"असेल म्हणजे? होती की नव्हती?"

मग ती बाई रोजच दिसायला लागली. कधी मोलकरीण, कधी सेक्रेटरी, कधी भोचक शेजारीण. यायची, दोन मिनिटं कुणाची तरी खरडपट्टी काढायची आणि जायची. नाव वाचावं म्हणून चष्मा कपाळावर चढवून टीव्हीला नाक लावलं, तर नावांची पाटी कोपऱ्यात चेपलेली आणि उरलेल्या पडद्यावर सांधेदुखीच्या गोळ्या. फोनमध्ये 'जुन्या सिनेमातली खाष्ट बाई' असं टाकून पाहिलं. त्यानं आपल्याकडच्या मालिकांतल्या तीन सासवा दाखवल्या.

रात्री अडीचला कोपर लागलं. "अहो, झोपलात? त्या माशीच्या तोंडाच्या माणसाच्या घरी कामाला हीच होती." बीपीची गोळी घेतली की नाही, हे हिला दहा मिनिटांनी आठवत नाही. पण १९५८ च्या 'द फ्लाय'मधली मोलकरीण मात्र पक्की लक्षात.

शेवटी सुटका केली 'होगन्स हीरोज'नं. जर्मनांनी पकडलेल्या युद्धकैद्यांच्या छावणीवरची विनोदी मालिका. त्यात जनरलसाहेब आपली बहीण छावणीप्रमुख कर्नल क्लिंकच्या गळ्यात मारायला बघताहेत आणि क्लिंक जीव मुठीत धरून पळतोय. स्थळाचा विषय निघाल्यावर ही सावरून बसली. बहीण अर्थात तीच! पात्राचं नाव फ्राउ लिंकमेयर. नातवानं ते फोनमध्ये घातलं आणि चार सेकंदांत म्हणाला, "कॅथलीन फ्रीमन. झालं?"

कसलं झालं! आता ही तिचा अख्खा संसार उलगडायला बसली. माहेर शिकागोचं. आईवडील व्हॉडव्हिलवाले, म्हणजे गाणी-नकलांचे खेळ करणारे. तिनं स्वतः पन्नासहून अधिक वर्षं काम केलं. विनोदी नट जेरी लुईसच्या सिनेमांत तर ती घरचं माणूस असल्यासारखी पुन्हा पुन्हा येते. १९८० च्या 'द ब्लूज ब्रदर्स'मध्ये ती नन आहे आणि दोन थोराड बाप्यांना शाळेच्या बाकात कोंबून पट्टीनं बडवते. ते दृश्य हिनं दोनदा लावलं. मी माझे पाय उगाच सोफ्याखाली घेतले.

पण हिचा खरा जीव अडकला 'सिंगिंग इन द रेन'मध्ये. १९५२ चा सिनेमा. मूकपट जाऊन बोलपट आलेत आणि चिरक्या आवाजाच्या नायिकेला शुद्ध बोलायला शिकवायला बाई ठेवलीय. बाई एकच वाक्य घोटून घेतेय, 'कॅन्ट' नाही, 'काऽऽन्ट'. नायिका पुन्हा नाकातून 'कॅन्ट'च म्हणतेय. आमच्या नातवाला 'ण' म्हणायला लावताना हिचा चेहरा हुबेहूब असाच होतो. (हे मी बोललो नाही.) त्या नायिकेच्या कामासाठी जीन हेगनला ऑस्करचं नामांकन मिळालं. आणि शिकवणाऱ्या बाईंचं सिनेमाच्या पाटीवर नावसुद्धा नाही.

"मेल्यांनो, नाव घालायला काय पैसे पडतात?" ही इतक्या जोरात म्हणाली, की वरच्या मजल्यावरची मीटिंग क्षणभर थांबली.

शुक्रवारी रात्री नातवानं 'श्रेक' लावला. ही स्वयंपाकघरात पोळ्या लाटत होती. अचानक लाटणं घेऊनच बाहेर धावली. "अहो, ती आली!"

"कुठे? इथे गाढव आहे."

गाढवच होतं. एक कार्टूनमधली म्हातारी बोलणारं गाढव विकायला शिपायांपुढे उभी होती. 'बोल रे मेल्या' म्हणून ती टाहो फोडतेय आणि गाढव ढिम्म. जवळजवळ पन्नास वर्षं उलटली तरी बाईंच्या नशिबी शिष्य असलेच! सिनेमा २००१ चा. त्याच वर्षी बाई न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर 'द फुल मॉन्टी' या संगीत नाटकात काम करत होत्या, नाटकांसाठीच्या टोनी पुरस्कारासाठी नामांकनही झालं होतं, आणि ऑगस्टमध्ये गेल्या.

त्या रात्री हिनं कुणाला उठू दिलं नाही. पोळ्या गार झाल्या, नातू पेंगला. पाट्या सरकत सरकत आल्या आणि एकदाचं कॅथलीन फ्रीमन हे नाव दिसलं. हिनं लाटणं खाली ठेवलं.

अडीचला पुन्हा कोपर लागलं.

"अहो, पण त्या गाढवाचा आवाज कुणाचा हो? कुठेतरी ऐकलाय."

आणि मी अर्धवट झोपेत म्हणून गेलो, "असेल कुणाचा तरी."