बांधलेला मतदार? कोणाला?

लेखात म्हटलंय की कोकणातला मतदार शिवसेनेला 'पिढ्यान्‌पिढ्या बांधलेला' आहे. पिढ्या मोजून बघूया. कोकणातल्या राजापूर लोकसभा मतदारसंघाने १९५७ पासून बॅ. नाथ पैंना निवडून दिलं, १९७१ पासून मधू दंडवतेंना. दोघेही समाजवादी. १९८४ च्या काँग्रेस लाटेतही दंडवते पडले नाहीत. १९९१ ला पडले, काँग्रेसच्या उमेदवाराकडून. आणि १९९६ ला तिथेच सुरेश प्रभू शिवसेनेचे म्हणून आले. समाजवादी घरातली पोरं भगव्याखाली गेली, त्यात विचारापेक्षा मुंबईचा हात मोठा. गिरणगावातल्या चाकरमान्याला नोकरी, रुग्णवाहिका, शाळाप्रवेश शिवसेनेच्या शाखेतून मिळायचा. तो गणपतीला गावी आला की पक्षही सोबत यायचा. (आमच्याकडे तर मत कोणाला, ते भजनानंतर चहा घेताना ठरायचं.)

मग लोक माणसामागे जातात म्हणावं, तर तेही पुरतं खरं नाही. शिवसेनेचे नारायण राणे २००५ साली काँग्रेसमध्ये गेले आणि मालवणची पोटनिवडणूक जिंकले. पण २०१४ ला तेच राणे कुडाळात शिवसेनेच्या उमेदवाराकडून हरले, आणि २०२४ ला रत्नागिरी-सिंधुदुर्गातून भाजपचे खासदार झाले.

शिवसेनेच्या २०२२ च्या फुटीनंतर तर एकाच घरात बापूस मशालीचो (ठाकरेंचा) आणि झील, म्हणजे मुलगा, धनुष्यबाणाचो (शिंदेंचा). दोघेही स्वतःला कट्टर शिवसैनिकच म्हणवतात. लेखकाने यातला 'बांधलेला' कोण ते सांगावं.