आत्याचं नाव एकदा मोठ्याने वाचा

आत्याच्या आधार कार्डासाठी मी तालुक्याला चार चकरा मारल्या. चौथ्या चकरेला काम झालं, तेही पूर्ण नाही. पण त्या दिवशी तिथं जे पाहिलं ते सांगितल्याशिवाय राहवत नाही. पोस्ट लांब झाली आहे. ज्यांच्या घरात कार्ड हरवलेलं, भिजलेलं किंवा नाव चुकलेलं म्हातारं माणूस आहे त्यांनी तरी पूर्ण वाचावी.

आत्याचं गाव बीड जिल्ह्यात, सिंदफणा नदीच्या काठावर. २०२५ च्या सप्टेंबरातला पाऊस मराठवाड्यात कुणाला वेगळा सांगायला नको. सोयाबीन गेलं, कापूस गेला, कुणाची जनावरं दावणीला बांधलेली तशीच गेली. आत्याच्या घरात मध्यरात्री पाणी शिरलं. सकाळी पत्र्याची पेटी आडवी पडलेली सापडली, आत रेशन कार्ड, पासबुक, सातबारा आणि आधार. आधारचं लॅमिनेशन एका कोपऱ्याला सुटलेलं होतं, तिथून पाणी आत गेलेलं. मी हातात घेतलं तेव्हा फोटोच्या जागी जांभळट डाग होता आणि बारा आकड्यांमधले मधले पाच-सहा पुसून गेले होते. आत्या ते चुलीजवळ ठेवून वाळवत बसली होती. वाळल्यावर आकडे परत दिसतील असं तिला वाटत होतं.

गावात सगळ्यांनी एकच सल्ला दिला, नवीन काढून टाका. आम्ही ते ऐकलं आणि तिथंच पहिली चूक झाली. सेंटरवाल्यानेही काही न विचारता नवीन नोंदणी केली, फोटो काढला, बोटं घेतली, पावती दिली. पुढं कित्येक आठवडे मी मोबाइलवर स्टेटस बघत होतो. शेवटी अर्ज रिजेक्ट. कारण एका माणसाला जन्मात एकच आधार क्रमांक मिळतो. कार्ड म्हणजे त्या क्रमांकाची छापील प्रत. प्रत भिजली म्हणून क्रमांक संपत नाही, आणि त्याच माणसाची दुसरी नोंदणी केली तर ठसे आधीच्या नोंदीशी जुळतात आणि अर्ज बाद होतो. म्हणून कार्ड हरवलं असेल तर नवीन नोंदणी करू देऊ नका. जुना क्रमांक शोधा. आत्याचा क्रमांक शेवटी रेशन दुकानदाराकडच्या एका झेरॉक्सवर सापडला. त्याने जुना गठ्ठा उपसून काढून दिला, त्याचे उपकार आहेत.

क्रमांक सापडला म्हणजे पाच मिनिटांत मोबाइलवर ई-आधार निघायला पाहिजे. निघालं नाही, कारण ओटीपी भलत्याच फोनवर जात होता. आत्याच्या आधारला जोडलेला नंबर मुकादमाचा, म्हणजे ऊसतोडीला मजूर नेणाऱ्याचा निघाला. आत्या-मामांनी एका कोयत्यावर, म्हणजे नवरा-बायकोच्या जोडीने, कितीतरी हंगाम ऊस तोडला. दसरा-दिवाळीला गाव सोडायचं आणि उन्हाळा लागला की परत यायचं. गावात आधारचा कॅम्प लागला तेव्हा ऑपरेटरने मोबाइल नंबर विचारला. यांच्याकडे कुठला फोन? शेजारी मुकादम उभा होता, त्याने आपला नंबर सांगून टाकला. त्याच्या मनात काही वाईट असेल असं मी म्हणत नाही. पण एवढी वर्षं आत्याच्या ओळखीची किल्ली दुसऱ्याच्या खिशात होती आणि ते तिला माहीतच नव्हतं. तो नंबर तर आता बंद आहे.

मोबाइल नंबर बदलायला कागद लागत नव्हता, पण आत्याला स्वतः केंद्रावर न्यावं लागलं आणि ओळख पटायला बोटाचा ठसा जुळायला हवा होता. दुसऱ्या चकरेला लिंक नव्हती, दुपारी चारपर्यंत बसून परत आलो. तिसऱ्या चकरेला आत्याची बोटं उठेनात.

त्या बोटांबद्दल दोन शब्द लिहायचेच आहेत. तुटलेल्या उसाच्या मोळ्या बांधून, पाचट ओढून, खाली राख आणि वर ऊन सोसून आत्याच्या बोटांच्या रेषा घासून गेल्यात. उजव्या अंगठ्यावर कोयत्याची आडवी खूण आहे. ऑपरेटर म्हणाला, "आजी, नीट दाबा." आत्याने सगळा जोर लावून दाबलं, नखाखालचं बोट पांढरं पडलं. मग ओल्या फडक्याने पुसलं, पदराने कोरडं केलं, परत दाबलं. मशीनवर लाल दिवा. आत्या हळूच मला म्हणाली, "बापू, मव्हं काई चुकलं का रे?" आयुष्यभर कष्ट केलेल्या बाईने मशीनसमोर गुन्हेगारासारखं उभं राहावं, हे मला अजून पचलेलं नाही.

बोटं उठत नसतील तर डोळ्यांच्या बुबुळावरून ओळख पटवता येते. त्या दिवशी तिथलं डोळ्यांचं मशीन बंद होतं. माणसं निमूट घरी जातात, कारण दुसरा मार्ग आहे हे त्यांना कुणी सांगत नाही. कायदाही लोकांना माहीत नाही. २०१६ च्या आधार कायद्यातल्या कलम ७ मध्येच लिहिलंय की ज्याला आधार क्रमांक मिळालेला नाही त्याला लाभ देण्यासाठी ओळखीचा दुसरा पर्याय द्यायचा. अंगठा उठत नाही म्हणून कुणाचं रेशन तोडू नका, असं आधार प्राधिकरणाने २०१७ मध्येच परिपत्रक काढून सांगितलंय. रेशन दुकानात "अंगठा येत नाही, पुढच्या महिन्यात या" असं ऐकून परत जाणाऱ्या बाया मी स्वतः पाहिल्यात.

आता नावाकडे येतो, कारण सगळ्यात मोठा घोळ तिथं आहे.

आत्याचं नाव धुरपता. पुस्तकी भाषेत द्रौपदा, पण तिला आयुष्यात द्रौपदा म्हणून कुणी हाक मारली नाही. सातबारावर "धुरपताबाई भ्र. मारोती" असं आहे. मराठवाड्याबाहेरच्या मित्रांसाठी सांगतो, आमच्याकडच्या जुन्या कागदांत बाईच्या नावापुढं "भ्र." लावतात, म्हणजे भ्रतार, नवरा. वडिलांसाठी "पि." असतं. कॅम्पमधल्या ऑपरेटरने हे "भ्र." नावाचाच भाग समजून इंग्रजीत टाइप केलं, सॉफ्टवेअरने त्याचं परत मराठी केलं, आणि कार्डावर छापून आलं "धृपदाबाई भ्रमारोती". भ्रमारोती नावाचा माणूस जगात नाही. पण बँकेत, तहसीलमध्ये, केवायसीच्या प्रत्येक रांगेत माझी आत्या या नसलेल्या माणसाची बायको म्हणून उभी राहिली. सातबारावर एक नाव, आधारवर दुसरं. फार्मर आयडी काढताना अडलं, संजय गांधी निराधार योजनेचे महिन्याचे दीड हजार मध्येच थांबले आणि आता पुराच्या मदतीच्या वेळी परत तेच.

जन्मतारखेचीही तीच गत. कार्डावर १ जानेवारी १९६२. या हिशोबाने बहात्तरच्या दुष्काळात आत्या दहा वर्षांची होती. त्या दुष्काळात ती थोरल्याला कडेवर घेऊन कामावर खडी फोडत होती, हे गावातला कुणीही म्हातारा सांगेल. म्हणजे तिचं खरं वय पासष्टच्या कितीतरी पुढं गेलंय, पण कागदावर ती अजून पासष्टची झालेली नाही आणि श्रावणबाळ योजनेच्या वयात बसत नाही. जन्मतारीख एकदाच बदलून मिळते आणि तिला पुरावा लागतो. शाळेची पायरी न चढलेल्या बाईने निर्गम उतारा कुठून आणायचा? मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहे. आमच्या जुन्या रजिस्टरांत अर्ध्या गावाची जन्मतारीख १ जून आहे. गुरुजींनी त्या वेळी अंदाजाने लिहिली आणि ती लेकरं आज त्याच तारखेने रिटायर होतायत. घाईत दोन मिनिटांत लिहिलेलं माणसाला आयुष्यभर कसं पुरतं हे मला आमच्याच दप्तरात रोज दिसतं.

म्हणूनच मला एकच गोष्ट कळकळीने मांडायची आहे. आधारमधली चूक बहुतेक वेळा टाइप करताना होते आणि ती त्याच खुर्चीवर, त्याच मिनिटाला पकडता येते. त्यासाठी नवा कायदा नको. प्राधिकरणाच्या नियमांत केंद्रावर दुसरा स्क्रीन सांगितलेला आहे, अर्जदाराकडे तोंड करून ठेवायचा. टाइप केलेली माहिती त्यावर अर्जदाराला दाखवायची, आणि गरज असेल तर वाचून दाखवायची. आम्ही आधी गेलो त्यापैकी एका ठिकाणी दुसरा स्क्रीन भिंतीकडे तोंड करून होता, एका ठिकाणी बंद पडलेला, त्याच्यावर फॉर्मचे गठ्ठे. तिसऱ्या ठिकाणी नव्हताच. वाचून तर कुणीच दाखवलं नाही. "इथं सही करा, आजी. येत नसेल तर अंगठा द्या." झालं. त्या अंगठ्याचा अर्थ असा की वरची सगळी माहिती मी तपासली आहे आणि ती बरोबर आहे. जिला अक्षर वाचता येत नाही तिच्याकडून हे लिहून घेतलं जातं, आणि मग चुकीची सगळी जबाबदारी तिची. दुरुस्तीचे पैसेही तिचेच. १ ऑक्टोबर २०२५ पासून नाव-पत्त्याच्या बदलाला ७५ रुपये आणि बायोमेट्रिकला १२५. पैशापेक्षा जड जाते ती बुडालेली मजुरी आणि चार दिवसांचं गाडीभाडं.

चौथ्या चकरेला ओळखीच्या एकाने दुसरं सेंटर सुचवलं. ऑपरेटर एक पंचविशीतली मुलगी. तिथली बोटं घेणारी काच स्वच्छ पुसलेली होती आणि डोळ्यांचं मशीन चालू होतं. बोटं चारदा लावून बघितली, मग तिने डोळे घेतले आणि ओळख पटली. मतदान कार्डावर नाव बरोबर होतं, ते पुरावा म्हणून लावलं. टाइप करून झाल्यावर तिने स्क्रीन आमच्याकडे वळवला. आत्या स्क्रीनकडे बघून नुसती हसली. मुलीच्या लक्षात आलं. ती म्हणाली, "आजी, मी वाचते, तुम्ही ऐका. चुकलं की थांबवा."

ती वाचत गेली. नाव, "धुरपताबाई मारोती". आत्याने मान हलवली. मोबाइल नंबर माझ्या चुलतभावाचा, जो तिच्या घरात राहतो, तो आकडा-आकडा वाचला. मग पत्ता. गाव, पोस्ट, तालुका. पोस्टाच्या नावाला आत्या एकदम म्हणाली, "न्हाय न्हाय बाई, ते पोस्ट आमचं न्हाय. ते नदीपल्याडचं. आमची टपाल आमच्याच पोस्टात येती." मी शेजारीच उभा होतो. मी स्क्रीन वाचला होता आणि माझ्या नजरेतून ते सुटलं होतं. पिन कोड टाकल्यावर यादीतून चुकीचं पोस्ट निवडलं गेलं होतं. ते तसंच राहिलं असतं तर कार्ड टपालाने नदीपलीकडे गेलं असतं. मुलीने ते बदललं आणि पूर्ण पत्ता पुन्हा एकदा वाचला. या सगळ्याला तीन मिनिटंही लागली नसतील.

मी वीस वर्षं वर्गात हजेरी घेतोय. पहिलीतलं लेकरूसुद्धा त्याचं नाव चुकीचं घेतलं की उभं राहून सांगतं, सर, असं नाही. त्याला अजून लिहिता येत नसतं, पण स्वतःचं नाव ऐकून ओळखता येतं. आत्यालाही येतं. एवढ्या वर्षांत तिला कुणी ते ऐकवलंच नव्हतं.

ऑपरेटर मंडळींशी माझं भांडण नाही. एकेका तालुक्याला मोजकी मशीन, बाहेर शंभर माणसं, लिंक येते-जाते, त्यात लाडकी बहीणची केवायसी, शाळांची आधार पडताळणी आणि पूरग्रस्तांची गर्दी एकदमच आली. त्यांच्यावरचा ताण मी पाहिलाय. म्हणून मागणी त्यांच्याकडे नाही, जिल्हाधिकारी कार्यालयाकडे आहे. प्रत्येक केंद्रावरचा दुसरा स्क्रीन चालू आहे का आणि डोळ्यांचं मशीन चालतं का, हे जाऊन बघा. वाचता न येणाऱ्या माणसाला माहिती वाचून दाखवली जाते का, ते अर्जदारालाच विचारा. आणि मशीन वाढवा. बीड जिल्ह्यातून हंगामाला माणसं निघायच्या आधी, दसऱ्याच्या तोंडावर, तांड्या-वस्त्यांवर कॅम्प लावा. गाड्या निघून गेल्यावर लावलेल्या कॅम्पला येणार कोण?

आणि आपण, जे वाचू शकतो, घरातल्या म्हाताऱ्या माणसाबरोबर जाऊ तेव्हा पावती मागून घेऊ आणि अंगठा द्यायच्या आधी ती त्यांच्याच कानावर मोठ्याने घालू. पावतीवरचा चौदा आकडी नोंदणी क्रमांक आणि त्यापुढची तारीख-वेळ मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा. अर्जाचं काय झालं ते त्यावरूनच कळतं. कार्ड फाटलं तर १९४७ वर फोन करता येतो, मराठीतून बोलता येतं. लहान लेकरांचं पाच आणि पंधरा वर्षांचं बायोमेट्रिक अपडेट विसरू नका, ते मोफत असतं आणि राहिलं की पुढं शिष्यवृत्तीला अडतं.

आत्याच्या जन्मतारखेचं काम अजून व्हायचंय. तिच्या वयाचा जुना कागद कुठं मिळतो का, ते ग्रामपंचायतीच्या आणि तहसीलच्या दप्तरात शोधतोय. तुमच्यापैकी कुणी शाळेचा दाखला नसलेल्या माणसाची तारीख दुरुस्त करून आणली असेल तर कुठला कागद चालला ते लिहा. आणि तुमच्या तालुक्यातल्या ज्या सेंटरवर वाचून दाखवतात त्याची जागा आणि वार खाली सांगा. आमच्या गावातले अजून अकराजण थांबलेत, त्यांना मी तिकडंच घेऊन जाईन.