दोन सूर्यांचा हिशोब जुळत नाही

जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या पुस्तकांवरची ‘गेम ऑफ थ्रोन्स’ ही टीव्ही मालिका २०१९ मध्ये संपली, पण तिच्याबद्दलचा एक दावा अजून फिरतोच आहे. थोडक्यात तो असा: वेस्टेरॉस या तिच्यातल्या काल्पनिक खंडातले वर्षानुवर्षं चालणारे उन्हाळे-हिवाळे ही नुसती कल्पना नाही. तो ग्रह दोन सूर्यांभोवती फिरतो, हे शास्त्रज्ञांनी सिद्ध केलंय. शिवाय त्याचा एक चंद्र फुटल्यामुळे आस डळमळीत झालाय, आणि उरलीसुरली कसर व्हॅलिरिया या बुडालेल्या प्राचीन राज्याच्या ज्वालामुखींनी भरून काढली. म्हणजे लेखकाने सगळं विज्ञान आधीच पक्कं बसवून ठेवलंय.

एका रोगाला तीन-तीन निदानं सांगणारा डॉक्टर भेटला की आपण दुसरा डॉक्टर शोधतो. इथे मात्र लोक पुढे पाठवतात.

आधी त्या ‘सिद्ध केलंय’कडे बघू. २०१३ साली अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या काही संशोधकांनी एक छोटा निबंध इंटरनेटवर टाकला. तारीख १ एप्रिल. सूर उघड थट्टेचा, गणित मात्र खरं. ग्रह दोन ताऱ्यांभोवती फिरतो असं धरून चाललं तर काय होईल, एवढंच त्यांनी मांडलं. त्यांचा निष्कर्ष काय, तर येणारा हिवाळा किती लांबेल आणि किती कडक असेल ते सांगता येत नाही. लांबलेला हिवाळा साधारण ८५० दिवसांचा, आखूड ६०० दिवसांचा. ८५० दिवस म्हणजे सव्वादोन वर्षांहून थोडं जास्त. आता पुस्तक उघडा. पुस्तकमालिकेच्या दुसऱ्या खंडाच्या सुरुवातीलाच सिटाडेलहून, म्हणजे मेस्टर नावाच्या विद्वानांच्या पीठाहून, पांढरा कावळा येतो, उन्हाळा संपल्याची वर्दी घेऊन. राज्यभरातल्या मेस्टरांनी पाठवलेल्या नोंदी आणि मोजमापं तपासून ती घोषणा झालेली असते, आणि तो उन्हाळा किती चालला याचा आकडाही दिलेला आहे: १० वर्षं, २ महिने, १६ दिवस. कुठे ८५० दिवस आणि कुठे हे!

त्या आकड्यात आणखी एक गोष्ट दडली आहे. हे लोक ऋतूंचा आधार न घेता वर्षं मोजतात. ‘ऋतूच नाहीत तर वर्ष कसलं?’ असं विचारणाऱ्यांनी हिजरी कालगणना आठवावी. ३५४-३५५ दिवसांचं वर्ष, महिने सगळ्या ऋतूंमधून सरकत जातात, तरी हिशोब चोख. ग्रहाची कक्षा लांबुळकी असेल म्हणून ऋतू लांबतात, हा मुद्दाही इथेच निकालात निघतो. कक्षा कितीही लांबट असली तरी फेरी ठरल्या वेळातच पुरी होणार. हिवाळा लांबेल, पण दर वेळी तेवढाच लांबेल. वेस्टेरॉसची अडचण लांबीची नाहीच, बेभरवशीपणाची आहे. कथेतल्या २८१ सालचा ‘खोटा वसंत’ दोन महिनेही टिकला नाही आणि बर्फ परत आला.

दुसरा सूर्य आकाशात कुणालाच कसा दिसत नाही, हाही प्रश्न आहे. मार्टेल घराण्याच्या झेंड्यावर भाल्याने भेदलेला सूर्य आहे, तो एकच. ‘दुसरा मंद असेल’ म्हणावं, तर दिसणारच नाही इतका मंद तारा ऋतू काय बदलणार? ‘पहिल्याला चिकटून असेल’ म्हणावं, तर अशा जोड्या भराभर फिरतात. केप्लर-१६ मधले दोन तारे ४१ दिवसांत एकमेकांभोवती फेरी मारतात, त्यांचा ग्रह २२९ दिवसांत. उजेडातले मुख्य चढउतार त्याच तालावर होणार, दहा-दहा वर्षांच्या नाही.

आसाचा मुद्दा त्यातल्या त्यात दमदार आहे. २०१७ मध्ये ब्रिस्टल विद्यापीठाच्या हवामानशास्त्रज्ञांनी या जगाचं संगणकी प्रारूप केलं, गमतीने सॅमवेल टार्ली या पात्राच्या नावावर. कल्पना अशी की ग्रहाचा कललेला आस वर्षातून एकदा पुरा गोल फिरतो, त्यामुळे एकच गोलार्ध कायम सूर्याकडे झुकलेला राहतो आणि ऋतू गोठून बसतो. मग कधीतरी आस पलटी खातो की ऋतू बदलतो. सुंदर आहे, कबूल. पण आकाश साक्ष देत नाही. उत्तर दिशा शोधायची तर हिम-ड्रॅगनच्या नक्षत्रातला, स्वाराच्या डोळ्यातला निळा तारा धर, असं कथेतल्या ओशा या बाईने ब्रॅन या मुलाला शिकवलेलं असतं. आपल्याकडे ध्रुवतारा उपयोगी पडतो, कारण पृथ्वीचा आस जवळपास एकाच दिशेला रोखलेला आहे. त्याला एक घिरटी घालायला सुमारे २६,००० वर्षं लागतात. तेच काम तो वर्षात उरकू लागला, तर उत्तरेचा तारा महिन्यागणिक बदलेल आणि ओशाच्या निळ्या ताऱ्याच्या भरवशावर निघालेला माणूस भलतीकडेच पोचेल.

राहिला फुटलेला चंद्र. ती कथेतल्या राजकन्या डेनेरिसला तिची दासी डोरिया सांगते ती लोककथा: दुसरा चंद्र सूर्याच्या फार जवळ गेला, तडकला आणि त्यातून ड्रॅगन बाहेर पडले. दुसऱ्या दोघी दासी तिथल्या तिथे तिला हसतात, कारण त्यांच्या मते चंद्र म्हणजे सूर्याची बायको. या कथेवर खगोलशास्त्र उभारायचंच असेल, तर मंगळ बघा. मोठा चंद्र नसल्याने त्याचा कल खरोखर खूप बदलतो, पण लाखो वर्षांत.

ज्वालामुखींवर फार शब्द खर्चायला नकोत. १८१५ मध्ये तांबोरा फुटला आणि १८१६ मध्ये युरोपाचा उन्हाळा बुडाला, हे खरं. पण ती राख आणि गंधकाचे कण दोन-तीन वर्षांत खाली बसतात. व्हॅलिरिया बुडालं कथेच्या सुमारे ४०० वर्षं आधी. पिढीभर चाललेला ‘दीर्घ रात्र’ नावाचा हिवाळा तर त्याच्याही हजारो वर्षं आधीचा. कारण कार्यानंतर येत नसतं.

आणि ‘लेखकाने विज्ञान बसवून ठेवलंय’? जॉर्ज आर. आर. मार्टिन यांनी अनेकदा सांगितलंय की ऋतूंचं कारण जादूचं असेल, वैज्ञानिक नसेल. चाहत्यांच्या ताऱ्यांच्या जोड्या त्यांना ठाऊक आहेत आणि त्यांनी त्या बाजूला सारल्या आहेत. त्यांचा काटेकोरपणा बघायचा तर कक्षेत नको, कोठारात बघावा. उत्तरेकडच्या विंटरफेल किल्ल्याच्या भिंतींतून गरम झऱ्यांचं पाणी खेळवलंय, काचघरात भाजी पिकते, आणि बाहेरचं हिवाळी गाव एरवी बरंचसं रिकामं असतं, थंडीत भरतं. पाचव्या खंडात उत्तर सीमेवरच्या बर्फाच्या भिंतीचा पहारा सांभाळणारा जॉन स्नो त्या भिंतीखालच्या थंड कोठारांत उतरून धान्य किती दिवस पुरेल ते बघतो, आणि ते पुरणार नाही म्हटल्यावर ब्राव्होस शहरातल्या आयर्न बँकेकडून कर्ज काढतो.