'रस नसलेली व्यक्ती' नव्हे हो!

आज एका करारनाम्याचा मराठी तर्जुमा डोळ्यांखालून गेला आणि तेव्हापासून डोकं तापलंय. मूळ इंग्रजी कलम अगदी साधं होतं. दोन भागीदारांत वाद झाला तर तो 'डिसइंटरेस्टेड पर्सन'कडे सोपवायचा. मराठीत त्याचं झालं होतं, 'वाद उद्भवल्यास तो सदर प्रकरणात रस नसलेल्या व्यक्तीकडे सोपविण्यात येईल.' शेजारी समासात कुणीतरी पेन्सिलीने बारीक अक्षरात विचारलं होतं, 'रसच नसेल तर ती व्यक्ती कागद तरी वाचेल का?'

ज्याने कुणी ती पेन्सिल चालवली त्याला दंडवत. शब्दकोश न उघडता त्याने नेमकं दुखणं पकडलं. ज्याला कंटाळा आलाय अशा माणसाच्या हाती आपल्या आयुष्याची कमाई कोण देईल? कलमाला हवा होता नेमका उलटा माणूस. प्रत्येक कागद वाचणारा, दोन्ही बाजू शेवटपर्यंत ऐकणारा, पण निकाल कुणाच्याही बाजूने लागला तरी ज्याच्या खिशात एक पैसाही येत नाही आणि खिशातून जातही नाही, असा. डिसइंटरेस्टेड म्हणजे हा माणूस. कंटाळलेल्या माणसासाठी इंग्रजीत अनइंटरेस्टेड हा वेगळा शब्द आहे. आहे ना? मग तो वापरा की!

घोळाचं मूळ आहे 'इंटरेस्ट'मध्ये. लॅटिनमध्ये 'इंटर' म्हणजे मध्ये आणि 'एसे' म्हणजे असणं. एखाद्या गोष्टीत आपण 'मध्ये असणं', तिच्याशी आपला संबंध असणं. त्यातून इंग्रजीत दोन फांद्या फुटल्या. एक फांदी हिशेबाची, म्हणजे वाटा, हक्क, हितसंबंध, आणि कर्जावरचं व्याजसुद्धा. दुसरी मनाची, म्हणजे आवड, कुतूहल, गोडी. 'इंटरेस्टेड' या एकाच शब्दात या दोन्ही फांद्या आहेत. 'इंटरेस्टेड पार्टी' म्हणजे ज्याचा वाटा अडकलाय तो. 'इंटरेस्टेड स्टुडंट' म्हणजे ज्याला विषयाची गोडी आहे तो. नकार देताना मात्र भाषेने फांद्या वेगळ्या ठेवल्या. वाटा नाही तो डिसइंटरेस्टेड, गोडी नाही तो अनइंटरेस्टेड. दोघांचा विरुद्धार्थी शब्द एकच असल्यामुळे माणसं फसतात, हे मला कळतं. पण करारनामा लिहिणाऱ्याने, तर्जुमा करणाऱ्याने, बातमी देणाऱ्याने फसून कसं चालेल? त्यांचं तर कामच शब्दांचं.

कायद्यात हा शब्द शोभेचा नाही. इंग्लंडच्या 1837 च्या मृत्युपत्र कायद्याचं 15 वं कलम बघा. मृत्युपत्रावर साक्षीदार म्हणून सही करणाऱ्यालाच, किंवा त्याच्या नवऱ्याला वा बायकोला, त्या मृत्युपत्रात काही ठेवलेलं असेल तर सही ग्राह्य राहते, पण ठेवलेली देणगी रद्द होते. का? कारण तो साक्षीदार इंटरेस्टेड आहे, त्याचा हात मलिद्यात आहे. अमेरिकेत डेलावेअर राज्याच्या कंपनी कायद्याच्या 144 व्या कलमात 'डिसइंटरेस्टेड डायरेक्टर्स' येतात. एखाद्या व्यवहारात एका संचालकाचा स्वतःचा फायदा असेल, तर सगळी माहिती उघड करून उरलेल्या, हितसंबंध नसलेल्या संचालकांच्या बहुमताने मंजुरी घेण्याची ती तरतूद. इथे 'रस नसलेले संचालक' असं लिहिलं तर काय अर्थ होईल? जांभया देणाऱ्या संचालकांचं बहुमत!

बरं, आता विरुद्ध बाजूचं एक मान्य करावंच लागतं, आणि ते मी नाखुशीनेच करतोय. 17 व्या शतकात डिसइंटरेस्टेडचा 'आस्था नसलेला' असाही अर्थ होता, आणि गंमत म्हणजे अनइंटरेस्टेडचा जुना अर्थ 'निःपक्षपाती' असा होता. पुढे दोघांनी जागा बदलल्या. विसाव्या शतकात कंटाळ्याचा अर्थ परत डोकं वर काढू लागला आणि आजचे बरेच कोश तोही नोंदवतात. ठीक आहे, नोंदवू देत. शब्दकोश जे चालतं ते टिपतो. करारात काय चालावं हे तो ठरवत नाही.

इथपर्यंत लिहिलं आणि थोडा थांबलो, कारण आपल्या घरातलं आठवलं.

आपण काय वेगळं केलंय? 'उदासीन' घ्या. उद् अधिक आसीन, म्हणजे वर किंवा बाजूला बसलेला. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात उदासीन राजा हा मरगळलेला राजा नाही. तो भांडणाच्या वर्तुळाबाहेरचा, सगळ्यांत बलवान, कुणालाही मदत करू शकेल असा राजा. गीतेच्या बाराव्या अध्यायात भक्ताची लक्षणं सांगताना ओळ येते, 'अनपेक्षः शुचिर्दक्ष उदासीनो गतव्यथः'. बघा, 'दक्ष' आणि 'उदासीन' एकमेकांना खेटून बसलेत! जागरूक आणि तरीही वाटा नसलेला. डिसइंटरेस्टेडची याहून नेटकी व्याख्या कुठे मिळेल? आणि आज मराठीत उदासीन म्हणजे काय? 'प्रशासन उदासीन', 'मुलगा अभ्यासाबाबत उदासीन'. दक्षची सोबत सुटली आणि शब्द मरगळला.

'देणंघेणं' घ्या. 'मला त्याच्याशी काही देणंघेणं नाही' याचा अक्षरशः अर्थ आमच्यात कसलाही व्यवहार नाही, येणं नाही की देणं नाही. हे तर डिसइंटरेस्टेडचं शब्दशः मराठी! पण ऐकणाऱ्याला ऐकू येतं, 'मला काही पडलेली नाही.' 'सोयरसुतक नाही' याचंही तेच. सोयर जन्माचं, सुतक मृत्यूचं. दोन्ही पाळायची नसतील तर नातं नाही, एवढंच. आता त्याचा अर्थ 'काही वाटत नाही' असा झालाय.

म्हणजे ही इंग्रजीचीच खोड नाही. वाटा नसलेला माणूस मन लावून काम करेल, यावर आपला विश्वासच बसत नाही. 'फायदा नाही ना? मग कशाला लक्ष घालेल तो!' हा सरावाचा हिशेब शब्दांत उतरतो. हे लक्षात आल्यावर त्या तर्जुमा करणाऱ्यावरचा राग थोडा निवळला. त्याने जे केलं ते भाषा शतकानुशतकं करत आलीय.

पण निवळला म्हणजे गेला नाही. डिसइंटरेस्टेडला जवळचे म्हणून जे शब्द दिले जातात ते तपासले की हा शब्द का हवा ते कळतं. इम्पार्शल म्हणजे निःपक्षपाती, तो मनाचा गुण. डिसइंटरेस्टेड ही माणूस कुठे उभा आहे त्याची खूण. ज्याचा काडीचा वाटा नाही असा परका माणूससुद्धा पूर्वग्रहाने बरबटलेला असू शकतो. तो डिसइंटरेस्टेड आहे, इम्पार्शल नाही. उलट, ज्याचे पैसे गुंतलेत असा एखादा सचोटीचा माणूस स्वतःविरुद्धही खरं बोलेल. तो इम्पार्शल आहे, डिसइंटरेस्टेड नाही. न्यूट्रल म्हणजे तटस्थ, तटावर उभा राहिलेला, कुणाचीच बाजू न घेणारा. लवादाला शेवटी एका बाजूने निकाल द्यावाच लागतो, तो तटावर उभा राहून कसा चालेल? करारनाम्यातला हा माणूस पाण्यात उतरतो, फक्त त्यातले मासे त्याचे नसतात.

म्हणून मराठीत एकच ठोकळा सगळीकडे बसत नाही. साक्षीदार, संचालक, पंच यांच्या आधी आला तर 'हितसंबंध नसलेला'. वादात मध्यस्थी करणारा असेल तर 'त्रयस्थ', हा आपला फार सुंदर शब्द. सल्ल्याला लागला तर 'निरपेक्ष सल्ला'. शस्त्रक्रिया करायला हवी की नको, हे ती स्वतः करणार नाही अशा डॉक्टरला विचारणं, म्हणजे डिसइंटरेस्टेड मत घेणं. त्या डॉक्टरला रुग्णात रस नाही असं कुणी म्हणेल का? प्रेम किंवा मैत्रीला लागला तर 'निःस्वार्थ'. 'निःस्पृह' मोह पडण्यासारखा आहे, पण तो स्वभाव सांगतो. या भांडणापुरता वाटा नसणं वेगळं आणि जन्माचा निःस्पृह असणं वेगळं.

कायद्याबाहेरही हा शब्द याच अर्थाने येतो. जर्मन तत्त्वज्ञ कांटने 1790 साली सौंदर्याचा आनंद हा 'इंटरेस्ट'विना असतो असं मांडलं. फूल बघून सुख होतं, आणि ते आपल्या मालकीचं असावं, उपयोगी पडावं ही मागणी त्या सुखात नसते. समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टनने 1942 साली विज्ञानाच्या चार मूल्यांत 'डिसइंटरेस्टेडनेस' धरलं. वैज्ञानिकाला विज्ञानात गोडी नसावी असं त्याला म्हणायचं होतं का? गोडी तर हवीच, निकाल आपल्या सोयीचा लागावा ही गरज नको.

वाचताना कोणता अर्थ आहे हे ओळखायचं तर आधी शब्दानंतर काय येतं ते बघा. पुढे 'इन' आला, 'डिसइंटरेस्टेड इन पॉलिटिक्स' असा, तर जवळजवळ नेहमी लिहिणाऱ्याला कंटाळाच म्हणायचा असतो, आणि तिथे अनइंटरेस्टेड हवा. पुढे भूमिका सांगणारं नाम आलं, विटनेस, पार्टी, ऑब्झर्व्हर, जज, तर हितसंबंधाचा अर्थ धरा. सगळ्यांत दगाबाज जागा म्हणजे 'ही लुक्ड डिसइंटरेस्टेड', 'शी सीम्ड डिसइंटरेस्टेड'. हितसंबंध चेहऱ्यावर दिसत नाहीत, कंटाळा दिसतो, म्हणून वाचणारा कंटाळाच समजणार. स्वतः लिहिताना अशा जागी हा शब्द टाकूच नका. नामाचंही सांभाळा. 'डिसइंटरेस्ट' असं तुटकं नाम आजकाल बहुतेक वेळा अनास्थेसाठी वापरतात. निःस्वार्थपणासाठी 'डिसइंटरेस्टेडनेस' असं लांबलचक रूप घ्यावं लागतं, आणि तोंडात बसत नाही म्हणून लोक ते टाळतात. माझ्या मते शब्द झिजण्याचं हेही एक कारण आहे.

आणि कृपा करून 'संदर्भावरून कळतं' हे सांगू नका. त्या करारात संदर्भ समोर होता, भागीदार होते, वाद होता, पैसे होते. तरी चुकलंच ना? कळलं ते फक्त पेन्सिलवाल्याला.

ते कलम असं लिहायला हवं होतं: 'वाद उद्भवल्यास तो दोन्ही पक्षांना मान्य असलेल्या, आणि वादाच्या विषयात किंवा निकालात ज्या व्यक्तीचा कोणताही आर्थिक, व्यावसायिक अथवा नात्याचा हितसंबंध नाही अशा त्रयस्थ व्यक्तीकडे सोपविण्यात येईल.' लांब झालं, होऊ दे. इंग्रजीतल्या एका शब्दाचा ऐवज आहे तो. आणि त्याखाली आणखी एक ओळ हवी, कारण पुढचा प्रश्न तिथेच उठतो. त्या व्यक्तीला मानधन दिलं तर तिचा हितसंबंध तयार होतो का? रक्कम आधी ठरलेली असेल, दोन्ही पक्षांनी निम्मी-निम्मी भरायची असेल आणि निकाल कसाही लागला तरी तेवढीच मिळणार असेल, तर नाही. वसूल होणाऱ्या रकमेवर टक्केवारी ठरवलीत, की त्याच क्षणी ती व्यक्ती इंटरेस्टेड झाली.