टॉम जॉन्सन यांची बाजू आणि माझी एक चूक

सप्रेम नमस्कार.

अमेरिकेतल्या क्लीव्हलंड शहराचे एकेकाळचे महापौर टॉम जॉन्सन यांच्यावरच्या माझ्या लेखावर तुम्ही लिहिलंत, की ट्रामच्या मक्तेदारीवर गब्बर झालेला हा माणूस पोट भरल्यावर मक्तेदारीविरुद्ध बोलू लागला आणि मी त्याला संत करून टाकलं. शिवाय त्यांची ट्राम योजना शेवटी लोकांनीच मतदानानं फेटाळली, हे मी गाळलं. तुमचा दुसरा आक्षेप खरा आहे, त्याकडे येतोच. पहिला मात्र मला मुळीच पटत नाही.

मक्तेदारीतून पैसा केला, हे जॉन्सन यांनी कधी लपवलंच नाही. अमेरिकेतलं यादवी युद्ध संपलं तेव्हा ते दहा-अकरा वर्षांचे होते. घर धुळीला मिळालेलं. व्हर्जिनियातल्या स्टॉन्टन गावात येणाऱ्या एकुलत्या एका गाडीच्या कंडक्टरशी त्यांची गट्टी जमली आणि वर्तमानपत्रं फक्त याच पोराला मिळू लागली. म्हणेल तो भाव! पाच आठवड्यांत ८८ डॉलर जमले. कंडक्टर बदलला आणि धंदा बसला. ही हकीकत त्यांनी आत्मचरित्रात स्वतः सांगितली आहे. पुढे लुईव्हिलच्या ट्राम कंपनीत नोकरी करताना त्यांनी काचेची भाडेपेटी बनवली. प्रवाशानं टाकलेलं नाणं सगळ्यांना दिसायचं, त्यामुळे कंडक्टरला हात मारता येईना. त्या पेटीच्या पैशावर ते ट्राम कंपन्यांचे मालक झाले. १८७९ साली क्लीव्हलंडमध्ये उतरले आणि मार्क हॅना यांच्यासारख्या ट्रामधंद्यातल्या बड्या धेंडाशी टक्कर घेऊ लागले.

१८८३ मध्ये रेल्वेच्या प्रवासात हेन्री जॉर्ज या अर्थविचारवंताचं पुस्तक हाती पडलं आणि माणूस हलला. जमिनीची किंमत समाज वाढवतो, मग ती वाढ मालकाच्या खिशात का जावी, हा जॉर्ज यांचा प्रश्न. जॉन्सन यांनी आपल्या वकिलाला सांगितलं, यातली चूक शोधून द्या. वकीलच जॉर्ज यांच्या बाजूचा झाला.

'पोट भरल्यावर' हा शब्द मला लागला, त्याचं कारण सांगतो. १८९१ ते १८९५ जॉन्सन काँग्रेसमध्ये, म्हणजे अमेरिकेच्या संसदेत होते. त्यांचा स्वतःचा पोलादी रुळांचा कारखाना जोरात चालू होता आणि परदेशी रुळांवरच्या जकातीचा फायदा थेट त्यांना मिळत होता. तीच जकात रद्द करा, अशी मागणी त्यांनी सभागृहात लावून धरली. धंदा चालू असताना स्वतःच्याच नफ्यावर घाव घालणाऱ्याला ढोंगी कसं म्हणायचं?

१९०१ मध्ये ते महापौर झाले. सर्कशीसारख्या मोठ्या तंबूत सभा घ्यायचे आणि कोणीही उठून प्रश्न विचारावा, असा रिवाज होता. ट्रामचं भाडं पाच सेंटांवरून तीन सेंटांवर आणायचं, हा त्यांचा ध्यास. कंपनीचे हिशेब त्यांना आतून ठाऊक होते, म्हणून 'परवडत नाही' हे कंपनीचं रडगाणं त्यांच्यापुढे टिकेना. कोर्टाचे पन्नासहून जास्त मनाई हुकूम आडवे आले, तरी १९०६ च्या नोव्हेंबरात तीन सेंटांची पहिली गाडी धावली. दरम्यान हॅरिस कूली या धर्मोपदेशकाकडे त्यांनी शहराचा धर्मादाय विभाग सोपवला. केवळ दंड भरता येत नाही म्हणून तुरुंगात खितपत पडलेल्यांना दोघांनी सोडवलं. बागांमधल्या 'गवतावर चालू नये' या पाट्याही जॉन्सन यांनीच काढायला लावल्या. मला ही गोष्ट फार आवडते.

आता माझी चूक. एप्रिल १९०८ मध्ये ट्राम अखेर शहराच्या विश्वासातल्या कंपनीकडे आली आणि महिन्याभरात संप झाला. जुन्या मालकांनी कबूल केलेली पगारवाढ नव्या कंपनीनं मानली नव्हती. गरिबाचं भाडं कमी करायचं आणि गाडी हाकणाऱ्याला दिलेला शब्द मोडायचा, ही जॉन्सन यांची चूकच होती आणि ती मी लिहायला हवी होती. ऑक्टोबरच्या मतदानात ट्राम या कंपनीकडे ठेवायची योजना थोडक्यात पडली. १९०९ मध्ये ते स्वतः हर्मन बेअर यांच्याकडून हरले.

पण तुम्ही थांबलात तिथे गोष्ट संपत नाही. १९१० मध्ये न्यायाधीश टेलर यांच्या तोडग्यानं ट्राम खासगी कंपनीकडे परत गेली खरी, पण कारभारावर शहराची नजर राहिली, नफ्याला मर्यादा आली आणि भाडं सुरू झालं तीन सेंटांनी. त्यांचे साथीदार न्यूटन बेकर १९१२ मध्ये महापौर झाले आणि जॉन्सन यांच्या मनातलं शहराच्या मालकीचं मोठं वीजकेंद्र १९१४ मध्ये उभं राहिलं. ते पाहायला जॉन्सन नव्हते. संपत्ती गेली, तब्येत गेली, एप्रिल १९११ मध्ये वयाच्या ५६ व्या वर्षी वारले. ब्रुकलिनच्या ग्रीनवुड दफनभूमीत हेन्री जॉर्ज यांच्याजवळच त्यांना पुरलं आहे.

संपावरचा आणि मतदानावरचा परिच्छेद मूळ लेखात आज जोडला आहे, 'लोकांना तोवर कळलं नाही' हे माझं वाक्यही काढून टाकलं आहे. तुमच्यामुळे लेख सुधारला, मनापासून आभार.