जप्त गाडीला झेंडूचा हार

आज दसरा. गावी जाताना फॉरेस्ट ऑफिससमोरच्या टपरीवर चहाला थांबलो. तारेच्या कुंपणाआड जप्त केलेल्या गाड्या, आणि एक पंचविशीचा पोरगा तारेतून हात घालून एका टेंपोच्या आरशाला झेंडूचा हार अडकवत होता. हात पुरेना. शेवटी काठीने अडकवला. मला तो चहा पुढे गेला नाही.

माझ्या मामाने दोन दसरे हेच केलं.

मामाची पिकअप, फायनान्सवर घेतलेली. आंब्याच्या पेट्या, चिरे, लग्नाचं सामान, मिळेल ते भाडं. एका रात्री ड्रायव्हरने परस्पर चोरीचं खैराचं लाकूड भरलं, वर रिकाम्या पेट्या रचल्या. नाक्यावर पकडला. टीपी, म्हणजे लाकूड वाहतुकीचा परवाना नाही, काही नाही. मामाला पहाटे फोन आला तेव्हाच कळलं.

भारतीय वन अधिनियम 1927 चा. महाराष्ट्राने त्यात 61-अ पासूनची कलमं घातली आणि गाडी सरकारजमा करायचा अधिकार वनाधिकाऱ्याकडेच दिला. पकडणारं खातं तेच, निकाल देणारंही तेच. आधी लेखी नोटीस द्यायची, मालकाचं म्हणणं ऐकायचं, हे 61-ब मध्ये आहे. गाडी आपल्या नकळत वापरली गेली हे मालकाने सिद्ध केलं तर ती सरकारजमा करता येत नाही, हेही तिथेच आहे. पण पुढे वाचा! नुसतं मालकाला माहीत नव्हतं एवढ्याने भागत नाही. गाडी ज्याच्या ताब्यात होती त्यालाही माहीत नव्हतं आणि सगळ्यांनी पुरेशी खबरदारी घेतली होती, हे मालकानेच दाखवायचं. अहो, ड्रायव्हरनेच खैर भरलाय, त्याला माहीत नव्हतं हे मामा कुठून दाखवणार?

सुनावणीत साहेबांनी विचारलं, तुम्ही काय खबरदारी घेतली? मामा म्हणाला, "मी निजलो होतो, सायेब."

हे लिहितानाही हात थरथरतोय.

मान्य, खैरचोरांच्या टोळ्या दुसऱ्यांच्या नावावरच्या गाड्या वापरतात आणि पकडले गेले की मालक हात वर करतो. जंगल वाचायलाच हवं, त्यावर आपल्यात वाद नाही. सुप्रीम कोर्टानेही 2000 साली कर्नाटकच्या एका प्रकरणात सांगितलंय की वनगुन्ह्यातली गाडी सहजासहजी सोडू नका, सोडलीच तर बँक गॅरंटी घ्या. पण त्याच कोर्टाने 2002 मध्ये पोलीस ठाण्यांतल्या जप्त गाड्यांबद्दल म्हटलं होतं की त्या वर्षानुवर्षं उघड्यावर ठेवण्यात अर्थ नाही. मग फॉरेस्टच्या आवारातलं लोखंड काय गंजत नाही? मामाच्या पिकअपच्या हौद्यातून दुसऱ्या पावसाळ्यात घाणेरी उगवली होती. चाकं चिखलात रुतली, बॅटरी कुणी नेली देव जाणे. हप्ता मात्र महिन्याच्या महिन्याला जात होता.

गार्ड माणूस चांगला होता. दसऱ्याला फाटक उघडून मामाला आत सोडायचा. मामा काच पुसायचा, हार घालायचा, नारळ फोडायचा आणि प्रसाद गार्डलाच देऊन परत यायचा. त्या गार्डवर माझा राग नाही.

राग याचा आहे की मामाला कुणी साधं सांगितलं नाही. सरकारजमाचा आदेश हातात पडला की 30 दिवसांत सेशन्स कोर्टात अपील करता येतं. मामाने तो कागद देवाच्या फोटोमागे ठेवला, कारण कुणीतरी म्हणालं, "मी साहेबांशी बोलतो, तू काही करू नकोस." दीड महिना गेला. मग लिलाव. आता मामा दुसऱ्याच्या गाडीवर ड्रायव्हर आहे. आदेशाच्या खालीच ठळक मराठीत दोन ओळी छापायला काय जातं? अपील कुठे, किती दिवसांत. बस.

मघाशी त्या पोराला विचारलं, कागद काय आलाय? त्याने खिशातून घडी काढली, घामाने मऊ झालेली. आदेशच होता. हातात पडून 12 दिवस झालेत. तोही म्हणाला, "एक जण बोलणार आहेत साहेबांशी."

बाकावर बसवून त्याला मामाची सगळी गोष्ट सांगितली. 18 दिवस आहेत. रत्नागिरीत फॉरेस्टच्या केसेस केलेला कुणी वकील ओळखीचा असेल तर आजच इनबॉक्स करा. सोमवारी मी त्याला घेऊन जातोय.